माझी पोर सडकी नाही
वरोरच्या बायांनो, आज दुपारी माझं डोकंच फिरलं. बोंबील वाळत घालत होते, तेवढ्यात नणंद ओरडत आली, "वहिनी, तुझ्या पोरीनं फेसबुकवर स्वतःला फुजोशी लिवलंय! जपानीत म्हणजे सडकी मुलगी. फोन काढून घे, लग्न लावून टाक."

मी पोरीवर हात उगारला. ती मागे सरकून बोलली, "आई, दोन पुरुषांच्या प्रेमाच्या चित्रकथा वाचणाऱ्या मुलींना तिकडे असं हिणवायचे. आता आम्ही तेच नाव मिरवतो."

हात तसाच राहिला. भाव पाडायला गिऱ्हाईक माझ्या ताज्या पापलेटला रोज सडकं म्हणतं. मी कधी मानलं का?

नणंदेला वाटेला लावलं. फोन पोरीकडेच आहे, पण ती अजून जेवली नाही.

सांगा, उगारलेला हात परत कसा घेऊ?