देवरावभाऊंचे उलटे घमेले

धानोऱ्याच्या गुरांच्या दवाखान्यातल्या फळ्यावर खडूने लिहिले होते, ‘देवराव यांचे अल्पशा आजाराने निधन.’ मी तो फळा दोनदा वाचला. आजाराला नाव होते. रेबीज. ते लिहायला कितीशी जागा लागली असती...

देवरावभाऊ तिथे परिचर होते. आजारी जनावराला ते आधी हात लावायचे नाहीत. गोठ्यातले घमेले उलटे घालून त्यावर बसायचे आणि बघत राहायचे. कान कुठे वळतात, रवंथ चालू आहे का, वासरू जवळ आले की गाय काय करते. “मास्तर, दुखते कुठी, ते जनावरच सांगते. घाई आपल्याले असते.” गावाने मारका ठरवलेला बैल डाव्या डोळ्याने आंधळा आहे, हे त्यांनी असेच बसून ओळखले होते. या बसण्याबद्दल त्यांना मेमो मिळाला : कामाच्या वेळेत बसून राहतात. तो दाखवत ते हसले, “बसाचीच तर नोकरी हाय आपली!”

उन्हाळ्यात माझ्या गाईने चारा सोडला, लाळ गळू लागली. घशात काहीतरी अडकले, असे मी पुस्तकात पाहून ठरवूनच टाकले होते. भाऊ घमेल्यावर बसले आणि थोड्याच वेळात उठले. “घशात काई नाई जी. हिचा आवाज बदलला. सोताच्या वासराले मारून राह्यली. हात नोका लावू.”

दवाखान्याचे डॉक्टरसाहेब जीपमधून उतरलेही नाहीत. “निदान तू करणार का रे? घाल हात.”

भाऊंनी माझ्याकडे पाहिले. मी म्हणालो, “बघा ना भाऊ, एकदा.”

हातमोजे नव्हते. भाऊंच्या बोटावर कुंपणाच्या काट्याची ताजी जखम होती. तसाच त्यांनी गाईच्या तोंडात हात घातला. घशात काहीही नव्हते.

तिसऱ्या दिवशी गाय मेली. भाऊ सरकारी इस्पितळात रेबीजची लस मागायला गेले, तर म्हणे, चावली कुठे ते दाखवा. चावलीच नव्हती, दाखवणार काय? परत पाठवले. आणि भिंतभर पुस्तके असलेला मी त्यांच्यासोबत गेलोसुद्धा नाही.

शेवटचे भेटलो तेव्हा पाण्याचा पेला त्यांनी दूर सारला. “गिळता नाई येऊन राह्यलं, मास्तर. तुमच्या गाईवानी...” तेव्हाही ते बघतच होते, स्वतःकडे.

घमेले माझ्या गोठ्यात तसेच उलटे आहे. परवा वासरू कण्हत होते म्हणून साहेब आले, आणि घमेले पायाने सरकवू लागले.

“पाय लावू नका,” मी म्हणालो. “बसा त्यावर. आधी बघा.”

त्यांनी घड्याळ पाहिले. मी गोठ्याच्या दारात आडवा उभा राहिलो.