पायातला सूर

मिरजेत ऑर्गन म्हटलं की एकच वस्तू डोळ्यांपुढे येते. कपाटाएवढं लाकडी धूड, वर पट्ट्या, खाली दोन पायडल. शिलाईच्या मशिनीवर बसल्यासारखे पाय चालवत राहायचे, म्हणजे भात्यात हवा खेळते आणि सूर बोलतात. संगीत नाटकात हा ऑर्गन रंगमंचाच्या पुढ्यात बसतो, नांदीआधी सूर लावून देतो, आणि गाणारा नट ताना घेत भरकटलाच तर त्याला हाताला धरून परत आणतो. माझ्या वडिलांनी एका नाटक मंडळीत उभा जन्म हेच काम केलं. मी त्यांच्या मांडीवर बसून शिकले. माझे पाय खाली पोचेपर्यंत पाय त्यांचे आणि बोटं माझी.

हे आधी सांगायचं कारण असं की लखनऊच्या छावणीत माझी जी शोभा झाली, ती या एका शब्दापायी झाली.

आमचे हे तेव्हा कॅप्टन होते. साताऱ्याकडच्या शेतकरी घरातून स्वतःच्या हिमतीवर ऑफिसर झालेले. आमचं लग्न ठरलं तेव्हा त्यांच्या घरात मला 'नाटकवाल्याची पोरगी' म्हणत आणि ते मी माझ्या कानांनी ऐकलं होतं. ह्यांनी स्वतः तसं कधी म्हटलं नाही. पण सासरे काय करतात असं मेसमध्ये कुणी विचारलं, की 'रिटायर्ड आहेत' म्हणून हे विषय बदलत. मला एकच हवं होतं. एकदा, फक्त एकदा, चारचौघांत ह्यांनी सरळ सांगावं की हिचे वडील नाटकात ऑर्गन वाजवत आणि ही त्यांच्याकडे शिकली. यात मी काही चंद्र मागत नव्हते.

नव्वदचं दशक निम्मं सरलं होतं. नोव्हेंबरात ऑफिसरांच्या बायकांच्या लेडीज मीटमध्ये पलटणीचे प्रमुख असलेल्या सीओसाहेबांच्या पत्नी, ज्यांना आम्ही सगळ्या मॅडम म्हणायचो, प्रत्येकीला विचारत होत्या की तुम्हाला काय काय येतं. कुणाला केक येत होता, कुणाला कथ्थक. माझी पाळी आली आणि मी उचलली जीभ, लावली टाळ्याला. म्हटलं, मैं ऑर्गन बजाती हूँ. एकदम कुजबुज झाली. मॅडमनी हातातला कप खाली ठेवला. छावणीतल्या चर्चमध्ये वर्षानुवर्षं ऑर्गन वाजवणाऱ्या म्हाताऱ्या मिसचं मनगट मोडलं होतं. ख्रिसमसच्या कॅरल सर्व्हिसला, म्हणजे गाण्यांच्या प्रार्थनेला, सगळी छावणी लोटायची आणि वाजवायला कुणी मिळत नव्हतं. आता मिळालं, असं मॅडमनी तिथल्या तिथे जाहीर केलं.

संध्याकाळी हे मेसमधून आले ते तरंगतच. सीओसाहेबांनी स्वतः पाठ थोपटली होती.

मी अगदीच अडाणी नव्हते. चर्चमध्ये ऑर्गन असतो हे मला ठाऊक होतं. बाबाच सांगायचे, आपला ऑर्गन मिशनऱ्यांबरोबर आला आणि त्यांच्या प्रार्थनेतून उठून आपल्या नाटकात येऊन बसला. म्हणजे वस्तू तीच, फक्त गाणी वेगळी, असा मी अर्थ काढला. कॅरलच्या दोन कॅसेट मिळवल्या, डायनिंग टेबलावर बोटं चालवून सगळ्या चाली बसवल्या, आणि फोनवर बाबांना सांगूनही टाकलं. ते इतके खूश झाले की त्यांना फोनवर धड बोलता येईना.

पहिल्या तालमीला चर्चमध्ये कॉयरचे, म्हणजे कॅरल गाणारे, दहाबारा जण होते, मॅडम होत्या, मनगटाला प्लास्टर घातलेल्या मिस होत्या, आणि मागच्या बाकावर कौतुकानं येऊन बसलेले हे. मी ऑर्गन पाहिला आणि दोन पावलं मागे आले. भिंतभर नळ्या, काही लाटण्याएवढ्या, काही माणसाहून उंच. पट्ट्यांच्या एकावर एक दोन ओळी. आणि बाकाखाली लांब लाकडी दांड्यांची रांगच रांग. तरी मी चपला काढल्या, वाद्याला हात लावून तो कपाळाला लावला, आणि बसले. कॉयरवाले एकमेकांकडे बघायला लागले. माझ्या मनात आलं, एवढ्या नळ्यांना हवा पुरवायची तर दोन पायडल कसे पुरतील, म्हणूनच इतके दिलेत. आणि मी दोन्ही पाय चालवायला सुरुवात केली.

छपरावरून कुणी पिंपं गडगडत सोडावीत तसा आवाज उठला. खिडक्यांच्या काचा थरथरल्या. सूर फाटला की हवा कमी पडली समजायचं, ही बाबांची शिकवण. म्हणून मी आणखी जोरात पाय मारले. मग कुणीतरी फसकन हसलं, आणि एक हसला की सगळे हसतात. मिस मात्र हसल्या नाहीत. त्या हळूहळू चालत आल्या, प्लास्टर नसलेला हात त्यांनी माझ्या गुडघ्यावर ठेवला.

"बेटा, रुकिए. हवा तो मोटर देती है," त्या म्हणाल्या. "यहाँ पाँव में सुर है, हवा नहीं."

त्या दांड्या म्हणजे पट्ट्याच होत्या, पायांनी वाजवायच्या, सगळ्यात खालच्या सुरांच्या. मी आत्तापर्यंत ढोलीतल्या अस्वलावर उड्या मारत होते म्हणायला हरकत नाही. मेल्याहून मेल्यासारखं झालं. मान वर करून पहिल्यांदा पाहिलं ते ह्यांच्याकडे. हे बाकावर नव्हते. स्कूटर पाहायला बाहेर गेले होते, असं नंतर म्हणाले.

घरी आल्यावर ह्यांनी बराच वेळ बूट पुसले. मग म्हणाले, ताप आलाय म्हणून कळवून टाकू. मी म्हटलं, ताप आलाय खरा, पण तो तुम्हाला. मी जाणार. मोठ्या बाणेदारपणे बोलले, पण मोरीत जाऊन पोटभर रडले. बाबांना मी जे मोठ्या तोंडानं सांगितलं होतं ते मला गिळता येत नव्हतं आणि ओकताही येत नव्हतं.

तोड मिसनीच काढली. त्यांचं उजवं मनगट मोडलं होतं, पाय शाबूत होते. बाकावर दोघी बसू, हात तुमचे, पाय माझे, असं त्यांनी ठरवलं. अडचण एवढीच की वाजवायला बसले की माझे पाय आपोआप हलायला लागायचे. शेवटी बाकाच्या उजव्या टोकाला, दांड्या संपतात तिथे, मिसनी मलिहाबादच्या आंब्यांचं एक रिकामं खोकं ठेवलं आणि माझे पाय त्यावर ठेवायला लावले. मिरजेच्या मुलीच्या पायाखाली शेवटी पेटी आलीच, दशहरी आंब्याची का असेना.

मला त्यांचं नोटेशन वाचता येत नव्हतं. त्या एफ म्हणाल्या की मी मनात पांढरी चार म्हणायचे आणि आमचं जमायचं. दुपारभर सराव चाले, मध्ये लखनऊची बिजली गेली की मोटर बंद पडायची आणि सगळ्या नळ्या मेंढीसारख्या बें करून मान टाकायच्या. वीज येईपर्यंत मिस बोलत बसायच्या. पूर्वी मोटर नव्हती तेव्हा मागे माणसं उभी राहून भाता हाणत. युरोपातल्या राजवाड्यांतून तेव्हा दुसरंच वाद्य असे, पट्टी दाबली की पिसाची नखी तार छेडायची, त्यामुळे हळू किंवा जोरात वाजवायची सोयच नव्हती. मग हातोडीनं तार ठोकणारा पियानो निघाला, रचना करणारे बहुतेक सगळे तिकडे पळाले, आणि ऑर्गन आपलं जुनं गाणं घेऊन चर्चमध्ये राहिला. जिथे नळ्या नेता येत नव्हत्या तिथल्यासाठी पायांनी हवा भरायचा छोटा ऑर्गन झाला, तो मिशनऱ्यांनी बोटीतून आणला. तोच आमचा. "तुम्हारा वाला इसकी बेटी हुई, ब्याह के दूर चली गई," असं त्या म्हणायच्या. मला बरं वाटावं म्हणून म्हणत असतील, पण मला बरं वाटायचं.

वीज आली की डाव्या हातानं आणि पायांनी त्या काहीतरी वाजवून दाखवत. प्रार्थनेची एखादी साधी चाल घ्यायची आणि तिच्या अवतीभवती वेलबुट्टी काढत जायची, असा एक प्रकार होता. तो मला लगेच कळला, पद रंगवणं वेगळं काय असतं? पण दुसरा एक होता, त्याला त्या फ्यूग म्हणत. एक चाल एकटीच निघते. ती चाललेली असतानाच दुसरी तीच चाल वरून धरते, मग तिसरी, आणि चौथी पायांत. एका हातानं त्यांना पुरा वाजवता यायचा नाही, उरलेलं त्या तोंडानं गुणगुणायच्या. आमच्याकडे डावा हात सूर धरून बसतो आणि उजवा गाणाऱ्याच्या मागून चालतो. चौघं एकाच वेळी बोलतायत आणि भांडण नाही, असं मी ना घरात ऐकलं होतं ना गाण्यात.

एवढं सगळं शिकूनही लाज काही उतरली नाही. कॅन्टीनमध्ये एकीनं गोड हसून विचारलं, आज पाँव कैसे हैं आपके? मी तिला, ठीक हैं, बस आपको लात नहीं मारी, असं म्हणणार होते. म्हटलं नाही. घरी हे तालमीबद्दल अवाक्षर विचारत नव्हते.

कॅरल सर्व्हिसच्या संध्याकाळी कोहरा, तिकडचं दाट धुकं, इतका होता की चर्चचं दार हाताला लागेपर्यंत दिसत नव्हतं. आत सगळी छावणी. मिस आणि मी एका बाकावर, दोघींच्या शाली एकमेकींत अडकलेल्या. त्यांचे पाय खाली सरसर चालत होते आणि मी वर बोटं सांभाळत होते. बरं चाललं होतं. आणि शेवटच्या कॅरलच्या शेवटच्या कडव्यात, ओळ संपता संपता, माझ्या बोटांतून एक हरकत निसटली. छोटीशीच, बाबा पदाच्या शेवटी घेत तशी. कॉयर बावचळलं. निम्मे थांबले, निम्मे पुढे गेले. पुढच्या रांगेतल्या माना वळल्या. मिसनी पायाखालचा सूर लांबवून धरला, सगळे परत येईपर्यंत सोडला नाही. माझे कान इतके तापले होते की त्या थंडीत वाफ निघाली असती.

बाहेर शामियान्यात चहा आणि प्लम केक होता. लोक भले होते, छान झालं म्हणत होते. सीओसाहेब आमच्याकडे आले आणि ह्यांना विचारलं की मिसेस हे शिकल्या कुठे. माझ्या तोंडात केक होता. मी ह्यांच्याकडे पाहिलं. इतकी वर्षं मी ज्या प्रश्नाची वाट पाहत होते तो हाच.

"कॉन्व्हेंट में, सर," हे म्हणाले. "पंचगनी."

"तभी तो," सीओसाहेब म्हणाले आणि पुढच्या घोळक्याकडे गेले.

पाचगणीला मी आयुष्यात एकदा गेले होते, शाळेच्या सहलीला, आणि बसमध्ये ओकले होते. पण मी केक चावत राहिले. ह्यांच्या मानेवर घाम दिसत होता, त्या थंडीत. मला ह्यांची लाज वाटली, आणि नवऱ्याची लाज वाटली म्हणून पुन्हा स्वतःची.

परतीच्या वाटेवर हे स्कूटर अगदी हळू चालवत होते. कोहऱ्यात पुढचं दिसत नव्हतं. सदर बाजार जवळ आला तेव्हा हे मान न वळवता म्हणाले, "मला तुझी लाज नाही वाटत गं. त्यांना काय वाटेल, एवढंच."

"तेच ते," मी म्हटलं.

सदरला एसटीडी बूथपाशी थांबायला लावलं. बाबा शेजाऱ्यांच्या फोनपाशी वाट बघत बसणार होते. केबिनचं दार नीट लागत नव्हतं, हे बाहेर हेल्मेट हातात घेऊन उभे. लाइन खराब होती, मला ओरडून बोलावं लागत होतं. भिंतभर नळ्या होत्या म्हटल्यावर बाबांनी आधी विचारलं की हवा कोण घालत होतं. मोटर होती म्हटल्यावर खूप हसले, म्हणाले, मग तू केलंस काय? मग जरा थांबून, दबक्या आवाजात विचारलं की जावईबापूंना आवडलं का.

मी दाराच्या फटीतून ह्यांच्याकडे पाहत, ह्यांना नीट ऐकू जाईल असं म्हटलं, "आवडलं ना. सगळ्या साहेबांना सांगत होते, माझ्या सासऱ्यांनी शिकवलंय हिला. नाटक मंडळीत ऑर्गन वाजवायचे ते."

ह्यांची मान खाली गेली. बाबांना बरं वाटावं म्हणून बोलले की ह्यांना लागावं म्हणून, ते माझं मलाही सांगता येणार नाही. पलीकडे नुसती खरखर येत होती. मला वाटलं लाइन तुटली.

"अगं," बाबा म्हणाले, "एवढ्या मोठ्या माणसांत माझं कशाला सांगायचं? ओशाळं झालं असेल की गं त्यांना."