ताटातलं नाव

सोयरीक पक्की झाली त्याच दिवशी होणाऱ्या नणंदेनं मला सांगून टाकलं, "वहिनी, तुमचं नाव बदलावं लागते. आमच्या मायचंबी तेच हाय ना." सुनेचं आणि सासूचं नाव एक असलं की पंचाईत. सुनेवर कोणी खेकसलं तर ते सासूलाच लागायचं. तसंही आमच्याकडे नवरीचं नाव बदलायचीच रीत. सासरी पाऊल टाकलं की ताटात तांदूळ पसरतात आणि नवरदेव त्यात बोटानं बायकोचं नवं नाव लिहितो.

मला ते झोंबलं. माझं नाव आत्यानं ठेवलेलं. तिला मूलबाळ नव्हतं. बारशाला तिनं ते माझ्या कानात सांगितलं आणि वर्षभरात ती गेली. तिचं म्हणून माझ्याजवळ तेवढंच होतं. पण माय म्हणाली, "सगळ्यायचंच बदलते. तुह्याच नावाले काय सोनं लागलं?"

त्या साली बोंडअळीनं कापूस खाल्ला होता. मांडवातही लोक त्याच्याच गोष्टी करत होते, माझं फुगलेलं तोंड कोण पाहतो. पांढरकवड्याजवळच्या सासरी पोचलो आणि ताट पुढं आलं. नवऱ्यानं तांदळात बोट टेकवलं तशी मी बोलून गेले, "मले माझंच पाहिजे." नव्या नवरीनं तोंड उघडलं म्हटल्यावर बायकांनी तोंडाला पदर लावला. आता आपलं काही खरं नाही, असं मला वाटलं.

सासूबाई चुलीपासून उठून आल्या. पोराला म्हणाल्या, "जे हाय तेच लिही."

नणंद म्हणाली, "अवं माय, मंग दोघीयचं एकच?"

"मले नावानं कोण आवाज देते? तुह्या बापासाठी मी 'अवं', गावासाठी पोराची माय. आन् हे नाव मलेबी असंच ताटात भेटलं होतं. तिचं तिले राहू दे."

नवऱ्यानं मुकाट्यानं माझंच नाव लिहिलं. मी तिथंच रडले. बरं वाटलं म्हणून रडले, पण लोकांना वाटलं माहेर आठवलं.

पुढच्या हंगामात वेचणीला आम्ही दोघीच वावरात होतो. मी विचारलं, "आई, मंग तुमचं माहेरचं नाव काय?" त्यांनी वेचता वेचता सांगितलं. भाऊ गेल्यापासून त्या नावानं त्यांना कोणी बोलावलं नव्हतं.

"घेऊन पाह्य एकदा," म्हणाल्या.

सासूचं नाव घ्यायचं म्हणजे काय! माझी जीभच रेटेना. शेवटी कपाशीच्या चार ओळी पलीकडे गेले, आजूबाजूला कोणी नाही ना ते पाहिलं आणि पऱ्हाटीतून हाक मारली. नुसत्या नावानं.

त्यांनी ओ दिली नाही. ओटीतला कापूस धरून तशाच उभ्या राहिल्या. मग म्हणाल्या, "आखीन एकदा आवाज दे."

त्या दिवशी कापूस कमीच वेचला गेला.