जिवंत बापाचा फोटो

तुयेत नक्की काय करते, हे सॅन होजेतल्या आमच्या गल्लीत कुणालाच धड सांगता येत नाही. ती शिवते, नाचते, व्हिडिओ काढते, भिंतीवर कांद्याची सालंही चिकटवते. विचारलं तर म्हणते, "आपण व्हिएतनामी किती आणि अमेरिकन किती, ते शोधतेय." तिची साऊ मावशी म्हणते, "सापडलं की नोकरी बघ."

बापाने, म्हणजे हिएनकाकांनी, तिचं एकही प्रदर्शन कधी पाहिलं नव्हतं. या खेपेला येतो म्हणाले, तेव्हापासून तिची झोप उडाली होती.

बंद पडलेल्या बेकरीत तिने पितरांचा चौरंग मांडला. पपनस, भाताची वाटी, उदबत्त्या. मागे पडद्यावर हलणारा समुद्र. चौरंगावर फोटो हिएनकाकांचाच, युद्धानंतर होडीत बसून व्हिएतनाम सोडण्याआधीचा. तिथे फक्त गेलेल्यांचे फोटो लागतात, हे तिला ठाऊक होतं.

"तो पोरगा समुद्रातच संपला," तिने मला समजावलं. "इथे उतरला तो दुसराच. मी पहिल्याचं सुतक पाळतेय."

मी शिडी धरून मान हलवली. शिडी धरणाऱ्याने मतं मांडू नयेत.

प्रदर्शनाच्या दिवशी साऊ मावशी मैत्रिणी घेऊन आली, फोटो पाहिला आणि मटकन खाली बसली. "दाजी कधी गेले गं? कुणी कळवलंही नाही." बायकांनी भराभर उदबत्त्या लावल्या आणि वाकून नमस्कार सुरू केले.

"मावशी, बा बरे आहेत. ही कला आहे."

"मग जित्या माणसाला धूप का दाखवायला लावलास, मेले? कसली ही कला?"

एवढ्यात इस्त्रीचा शर्ट घालून हिएनकाका दारात. एका बाईने पेटती उदबत्ती पाठीमागे लपवली. काका चौरंगासमोर येऊन उभे राहिले.

"मी गेलो काय?"

"तुम्ही नाही, बा. हा तरुण. हा वेगळा होता."

"वेगळा कसला? होडीत याचाच गुडघा मोडला. अजून तोच दुखतोय."

काकांनी फोटो उचलला, रुमालाने पुसला, काखेत मारला. "मी गेलो की लाव. तेव्हा मावशीही काही बोलणार नाही."

आता निघतील असं वाटलं, तर खुर्ची ओढून पडद्यासमोर बसले. "कुठला समुद्र हा?"

"इथलाच, सांता क्रूझचा."

"तरीच ओळखीचा वाटेना." आणि बघत राहिले.

लोक येत होते, फोटो नसलेल्या चौरंगापुढे थबकत होते, "वा" म्हणत होते. तुयेतने मला कोपऱ्यात ओढलं. "बांना आवडलं का रे? फोटो परत मागू? फोटोच नसेल तर हे काम माझंच राहिलं का?"

मला काय कळणार? काका मात्र फोटो मांडीवर घेऊन, बेकरीचे दिवे मालवेपर्यंत तिथून हलले नाहीत.