साडेसोळा मीटरचे दहा झगे

कापड धुऊन, वाळवून परत मोजलं तर साडेसोळाच मीटर भरलं. आणलं तेव्हा साडेसतरा होतं. सुती कापड पाण्यात आटतं, म्हणून मी धुतल्याशिवाय कात्री लावत नाही.

युसूफ वडगाव या गावात माझं शिवणाचं दुकान आहे. शाळेच्या मॅडमनी पंधरा ऑगस्टच्या नाचासाठी कापड आणून दहा पिवळे झगे शिवायला टाकले होते. एका झग्याला पावणेदोन मीटर. साडेसतरा भागिले पावणेदोन, बरोबर दहा. आता हिशोब बिघडला होता.

मॅडम आल्या. आम्ही दोघींनी पुन्हा मांडलं. अपूर्णांकाचा भागाकार सोपा करायचा तर दोन्हीचे पाव करायचे. पावणेदोन म्हणजे सात पाव. साडेसोळा म्हणजे सहासष्ट पाव. सहासष्टात सात नऊ वेळा जातात, तीन पाव उरतात. म्हणजे नऊ झगे आणि पाऊण मीटर कापड.

"कापडाच्या दुकानात विचारलं, भाभी. त्या रंगाचं थान संपलंय."

मी म्हटलं, "सगळेच थोडे आखूड करू का?"

"नऊ जणींचं कशाला बिघडवायचं? दहाव्याचा घेर पिवळा करा, वरचा भाग अन् बाह्या पांढऱ्या. आशाला देऊ. ती मधे नाचते, मुद्दाम केल्यासारखं दिसेल."

मला पटलं. मी नऊ झगे कापले. दहावा तर सगळ्यांत मन लावून शिवला, गळ्याला पिवळी पट्टी लावली.

झगे न्यायच्या दिवशी आशा आईला घेऊन आली. तिचे आईबाप दर हंगामात ऊसतोडीला जातात. आशाने झगा अंगाला लावला आणि आरशात बघून हसली. आईची नजर मात्र टेबलावरच्या नऊ झग्यांवर होती.

"समद्या पोरीयला सारखं, आन् आमच्याच पोरीला ठिगळ कावून?"

"ठिगळ न्हाई ओ. कापड आटलं. आशा मधी उभी ऱ्हाती ना, म्हून तिला."

"आमी सा महिने भाईर असतो म्हून तिला. मला कळत न्हाई का?"

मी पावाचा हिशोब सांगू लागले. तिने ऐकून घेतला, मग झगा घडी करून माझ्यापुढं ठेवला. "हिशोब खरा असंल तुमचा. पर उरल्यालं माझ्याच पोरीच्या वाट्याला आलं."

 आशा आईच्या मागे निघून गेली.

मॅडम आशाच्या घरी जाऊन आल्या, मीही गेले. आईने चहा पाजला, पण पोरीला पाठवलं नाही. पंधरा ऑगस्टला नऊच मुली नाचल्या. मधली जागा मोकळी दिसू नये म्हणून मॅडमनी त्यांना जवळ जवळ उभं केलं. दिवाळीनंतर आशाचं घर ऊसतोडीला साखर कारखान्याकडे गेलं. तिची माझी परत गाठ पडली नाही.

साडेसोळा भागिले दहा केलं असतं तर प्रत्येकीला एक मीटर पासष्ट आलं असतं. झगे चार बोटं आखूड झाले असते, कुणाच्या लक्षातही आलं नसतं. आता कापड कमी पडलं की मी सगळ्यांचंच थोडं थोडं कमी करते, आणि तेही कात्री लावायच्या आधी.