पंचाहत्तरचा भाव

बोडिल क्रोमान कॉफी उभ्याने पिते. राय धान्याच्या पावाची कड टाकत नाही. खिशात ठेवते आणि धक्क्यावर भेटेल त्या कुत्र्याला देते. टाचण्या ओठांत धरून बोलते. वारा कुठून आहे हे खिडकीतून बघत नाही, दार उघडून मान बाहेर काढते. पेन्सिल कानामागे आणि चष्मा केसांत खोचते, मग दोन्ही शोधत घरभर फिरते. पाहुण्याच्या कपात उरलेली कॉफी कुंडीत ओतते. त्या कुंडीतलं झाड बावीस वर्षांचं आहे.

दोन हजार बावीसच्या शरदात तिने आणखी एक सवय लावून घेतली. सकाळी साडेनऊला संगणकावर एक आकडा बघायचा आणि तो स्वयंपाकघराच्या भिंतीवर पेन्सिलने लिहायचा. चुन्याच्या पांढऱ्या भिंतीवर.

मी तिच्या माडीवर भाड्याने राहतो. साहित्याची पदवी घेऊन डेन्मार्कच्या या बेटावर, मार्स्टालला आलो. इथल्या वाचनालयात अर्धवेळ काम करतो. बोडिल चाळीस वर्षं शिडं शिवते आहे. तेव्हा ती सहासष्ट वर्षांची होती आणि जानेवारीपासून तिची पेन्शन सुरू होणार होती. तिचा नवरा हेल्गे सहा वर्षांपूर्वी गेला. मागे राहिलं हे घर, ‘टर्नेन’ नावाची लाकडी शिडाची बोट, आणि घरावरचं कर्ज.

सप्टेंबरात कर्जसंस्थेचं पत्र आलं. मुद्दल न फेडण्याची सवलत डिसेंबरअखेर संपते. जानेवारीपासून महिन्याचा हप्ता, संस्थेच्या शुल्कासकट, अठराशे क्रोनरवरून पावणेपाच हजारांवर जाईल.

बोडिलने पत्र दोनदा वाचलं. मग कपाटाच्या वरून खोकं काढलं. त्यात कर्जसंस्थेने दरवर्षी पाठवलेला हिशेबाचा एक, असे अठरा कागद होते.

“पदवीधरा, इकडे ये. बेरजेला बस.”

“मला बेरीज येत नाही.”

“मी वाचते, तू लिही. लिहिता तरी येतं ना?”

अर्धा तास लागला. दहा लाख, वर दोन हजार.

“एवढे भरलेस?” मी विचारलं. “मग संपलंच की कर्ज.”

“बाकी बारा लाख.”

“घेतलं किती होतं?”

“बारा लाख.”

मी तिच्याकडे बघितलं. ती माझ्याकडे. तिने ओठांतल्या टाचण्या एकेक करून काढल्या, टेबलावर ठेवल्या आणि मग इतकी हसली की तिला खुर्ची धरावी लागली.

“हेल्गे असता ना, तर आज त्याला जेवायला दिलं नसतं.”

चूक दोघांची होती. ती चूक तेव्हा सगळ्या गल्लीने केली. दहा वर्षं मुद्दलाला हात लावायचा नाही, फक्त व्याज भरायचं. हप्ता निम्मा. सल्लागाराने कागद पुढे सरकवला आणि हेल्गेने बोडिलला टेबलाखालून पाय मारला. दहा वर्षं संपल्यावर त्यांनी सवलत आणखी आठ वर्षं मागून घेतली. न फेडलेल्या मुद्दलातून टर्नेन आली. तिची डोलकाठी आली. दर उन्हाळ्याला स्वीडनची फेरी झाली.

“म्हणजे बोट फुकट नव्हती,” मी म्हणालो.

“फुकट? अरे, बोटीचे पैसे घरातून काढले आणि घराचे पैसे व्याजात घातले. आम्ही एक घर घेतलं आणि जवळजवळ दोन घरांचे पैसे मोजणार आहोत. दुसरं कुठे आहे ते सांग, मी जाऊन तिथे पडदे लावते.”

तिने एक शहाणपण केलं होतं. आदल्या वर्षी व्याज तळाला गेलं तेव्हा ते एक टक्क्यावर कायमचं बांधून घेतलं होतं. तरी पेन्शनीतून पावणेपाच हजार जाऊन तेल, वीज, घरपट्टी भरणं शक्य नव्हतं. त्या वर्षी वीज तिप्पट झाली होती. हिशेब सरळ होता. काही केलं नाही तर उन्हाळ्याच्या आत घर विकावं लागलं असतं.

ऑक्टोबरात बँकेतून फोन आला. बोडिलने मला सोबत नेलं. साक्षीदार म्हणून, असं ती म्हणाली. सल्लागार माझ्याच वयाचा होता. त्याने दालचिनीचे गोल पाव मागवले होते.

“बोडिल, तुझ्यासाठी आनंदाची बातमी आहे. तुझं कर्ज एका सहीत तीन लाखांनी कमी होतं.”

“माझ्या सहीत एवढी ताकद आहे हे आजच कळलं.”

तो हसला. जुनं बारा लाखांचं कर्ज आता नऊ लाखांत मिटतं, असं त्याने सांगितलं. ते नऊ लाख बँक नव्या कर्जातून देईल. बेटावर कितीतरी जणांनी केलंय. काहींनी तर शॅम्पेन फोडली.

“नव्याचं व्याज?”

“पाच टक्के.”

बोडिलने कानामागची पेन्सिल काढली. पावाखालच्या कागदी रुमालावर लिहू लागली.

“बारा लाखांवर एक टक्का, वर्षाला बारा हजार. नऊ लाखांवर पाच टक्के, पंचेचाळीस हजार. तेहेतीस हजार जास्त. तीन लाख तू मला आज देणार आणि नऊ वर्षांत परत घेणार. मग कर्जाची उरलेली एकोणीस वर्षं मी तुला नुसतीच तेहेतीस-तेहेतीस हजारांची भेट देत बसू?”

“कराची सूट धरली तर नऊ नाही, तेरा-चौदा वर्षं लागतील.”

“बरं, चौदा. मी ऐंशीची होईन. आणि पुढे?”

“पुढे व्याज उतरेलही. मग पुन्हा बदलता येईल.”

“आणि नाही उतरलं तर?”

त्याने पाव तोडला. ती पुढे झुकली.

“राजा, तू चांगला मुलगा आहेस. एक सांग. हेच नऊ लाख मी रोख आणले तर?”

त्याने पाव खाली ठेवला. “रोख आणलेस तर... तर तीन लाख खरोखर तुझे.”

“आणि सहाच लाख आणले?”

“तर आठ लाखांचं कर्ज मिटेल. उरलेले चार लाख जुन्याच एक टक्क्यावर राहतील.” तो स्वतःच आश्चर्याने म्हणाला, “हप्ता सोळाशे. मुद्दलासकट.”

बोडिलने रुमालाची घडी खिशात ठेवली. पावाची कडही.

परतताना ती सायकल हातात धरून चालत होती. मला काहीच कळलं नव्हतं. तसं मी सांगितलं.

“बँकेने मला स्वतःचे पैसे दिलेच नव्हते,” ती म्हणाली. “माझ्या नावाचे रोखे बाजारात विकले. मी व्याज भरते ते त्या रोख्यांच्या मालकाला, एक टक्का. आता नवे रोखे पाच टक्के देतात. मग माझे कोण विचारतो? शंभरचा कागद पंचाहत्तरला आला. आणि आपल्याकडे मुभा आहे, मी तोच कागद विकत घेऊन कर्जात जमा करू शकते. शंभर धरून.”

“म्हणजे तुझं कर्ज सेलमध्ये लागलंय?”

“शनिवारी दुकान बंद होताना स्ट्रॉबेऱ्या लागतात तसं. पण रोखीने घे, तरच स्वस्त. उधारीवर घेतल्या तर त्याच महाग.”

त्या दिवशी तिने भिंतीवर पहिला आकडा लिहिला. पंचाहत्तर. एक क्रोन वर म्हणजे तिचं दहा हजारांचं नुकसान. व्याज उतरलं की भाव चढणार, आणि स्ट्रॉबेऱ्या संपणार.

निवृत्तीची एकरकमी ठेव होती. कर जाऊन तीन लाख दहा हजार. बाकीचं उत्तर बंदरात बांधलेलं होतं.

कोपनहेगनच्या एका दंतवैद्याने टर्नेनचे तीन लाख देऊ केले. शुक्रवारपर्यंत हो की नाही कळवा, असं त्याचं म्हणणं. बोट तो घेऊन जाणार होता. दोन दिवस बोडिलचं शिवणयंत्र थांबलं नाही.

गुरुवारी थोरकिल आला. फेरीबोटीचा निवृत्त कॅप्टन, शेजारच्या घरातला. न वाजवता आत आला, भिंत वाचली, आणि कॉफी मागितली.

“दंतवैद्याला विकतेस? तो तिला दर सहा महिन्यांनी भोकं पाडेल.”

“तुझ्याकडे तीन लाख आहेत, कॅप्टन?”

“माझ्याकडे दहा हजार आहेत.”

“मग कॉफी पी आणि जा.”

“दहा हजार असलेली तीस माणसं आहेत,” थोरकिल म्हणाला. “मंडळ काढू. बोट मंडळ घेईल, इथेच राहील.”

आमच्याकडे तीन माणसं एकाच बाकावर बसली तरी मंडळ निघतं. मला वाटलं, सुटलो. पण थोरकिलने बोट वर केलं.

“स्थापनासभेची सूचना चौदा दिवस आधी द्यावी लागते.”

“कुणाला? मंडळ अजून नाही!”

“म्हणूनच. पुढे कुणी म्हणायला नको, स्थापनाच बेकायदा होती.”

“चौदा दिवसांत भाव ऐंशीला गेला तर?”

“तर सभेत निषेधाचा ठराव मांड.”

शुक्रवारी दुपारी तिने दंतवैद्याला फोन केला. मी जिन्यात उभा होतो. ती नाही म्हणाली. आभार मानले आणि त्याला हिवाळ्याच्या शुभेच्छा दिल्या. तीन लाख असे वाऱ्यावर सोडताना मी कुणाला पाहिलं नव्हतं. मी जिन्याच्या पायरीवर बसलो.

“भीती नाही वाटली?”

“वाटली ना.” तिने फोन खिशात टाकला. “पण बेटावरून बोट गेली तर मी या घराच्या खिडकीतून बघू काय?”

भिंतीवर आकडे चढत गेले. पंचाहत्तर पॉइंट चार. पंचाहत्तर पॉइंट नऊ. शहात्तर. थोरकिल रोज येऊन वाचायचा आणि म्हणायचा, “सूचना मात्र वेळेत लागली आहे.”

सभा बंदरावरच्या क्लबात भरली. अडतीस माणसं, चार थर्मास, मोठा केक. पहिला मुद्दा सभाध्यक्ष निवडण्याचा. थोरकिल निवडला गेला आणि त्याला खोटं आश्चर्य वाटलं. दुसरा मुद्दा नियमावली. कलम तीनवर चाळीस मिनिटं गेली: वर्गणीत कॉफी धरायची की नाही.

“कॉफी वेगळी,” एकजण म्हणाला.

“चहा पिणाऱ्यांचं काय?” एक बाई.

बोडिल माझ्या कानात पुटपुटली, “या कॉफीचे मी दहा हजार दिलेत. हिच्यात दूध तरी घाल.”

मग ती उभी राहिली. भाषण केलं नाही. रुमाल काढला, तोच बँकेतला, घरची बेरीजही आता त्यावर होती, आणि वाचून दाखवला. अठरा वर्षांत दहा लाख भरले. बाकी बारा लाख. सहा लाख जमले तर घर राहतं. नाही जमले तर उन्हाळ्यात तुम्हाला नवा शेजारी.

मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणालं, “आमचंही मुद्दल तेवढंच आहे की.” दुसरा म्हणाला, “बायकोला सांगू नकोस, मी आज पहिल्यांदाच बेरीज करतोय.” कुठून तरी हसू सुटलं आणि ते थांबेना. तीन जणांनी रुमालाचा फोटो काढला.

कॉफी वर्गणीत धरली गेली. सह्या झाल्या. मोजल्या तर एकोणतीस. तिसावा भाग कुणी उचलेना.

“मी घेते,” बोडिल म्हणाली.

थोरकिलने चष्मा खाली केला. “विकणाऱ्यानेच विकत घ्यायचं?”

“मनाई कुठे आहे? कलम दाखव, कॅप्टन.”

त्याने नियमावली पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचली. कलम नव्हतं. मग त्याने या प्रसंगासाठी स्वतः लिहिलेलं अकरा कडव्यांचं गाणं वाटलं, आणि आम्ही अकराही कडवी म्हटली. सातव्या कडव्यात बोडिलचं नाव होतं. तिथे ती सगळ्यांत मोठ्याने गायली.

पैसे बुधवारी जमा झाले. ठेवीचे तीन लाख दहा हजार, बोटीचे दोन लाख नव्वद हजार. साडेनऊला आम्ही तिघं संगणकासमोर होतो. आकडा आला: पुन्हा पंचाहत्तर. सल्लागाराने फोनवर सांगितलं, “झालं. आठ लाख मिटले.” आणि मग हळूच, “बोडिल, तो रुमाल मला मिळेल का? माझंही घर आहे.”

“कॉपी पाठवते,” ती म्हणाली. “मूळ प्रत मंडळाच्या दप्तरात आहे.”

जानेवारीचा हप्ता सोळाशे आला. पुढच्या पाच वर्षांचा हिशेब तिने बाजूला बसून पुन्हा केला, मग दहा वर्षांचा. मुद्दल दर महिन्याला थोडं कमी होत होतं. अठरा वर्षांत प्रथमच. तो कागद तिने मला सकाळी दाखवला, संध्याकाळी पुन्हा दाखवला, जशी लोकं नातवाचा फोटो दाखवतात.

एप्रिलात तिने खिडक्या खरवडायला काढल्या. हेल्गे गेल्यापासून त्यांना रंग लागला नव्हता. मी कारण विचारलं होतं तेव्हा ती म्हणाली होती, पुढचा मालक त्याला हवा तो लावेल. आता तिने जवसाच्या तेलातला निळा रंग स्वतः ढवळला. रस्त्याकडच्या सहा खिडक्या. मला शिडी धरायला लावली आणि ब्रश हातात दिला नाही.

“तू कविता कर. हे काम आहे.”

तीन खिडक्या झाल्या. चौथी अर्धी झाली तेव्हा खालून थोरकिल ओरडला, “बोडिल, आज बोटीवर तुझी पाळी! वारा दक्षिणेचा!”

तिने मान वळवून वारा बघितला. ब्रश तेलाच्या डब्यात टाकला, शिडीवरून उतरली, माझ्या खांद्यावर निळा हात ठेवला आणि बंदराकडे गेली.

त्याला आता दोन महिने झाले. पाळ्या वाढल्या, पाहुणे आले, मग जून. चौथ्या खिडकीची वरची चौकट निळी आहे. खालचं लाकूड अजून उघडं आहे. शिडी तशीच टेकलेली आहे, आणि मला तिला हात लावायची परवानगी नाही.