सेंट लुशियाच्या गरम चिखलात आमची मंडळी

मुलानं तिकिटं काढल्याचं फोनवर सांगितलं, तेव्हा मी पहिला प्रश्न विचारला, "तिथं भूकंप होतो का रे?"

संगमेश हसला. म्हणाला, "अप्पा, तुम्ही बिनघोर या. इथं फक्त ज्वालामुखी हाय."

ह्या उत्तरानं माझी झोप किती उडाली असेल, ते किल्लारीचा भूकंप ज्यांनी आमच्या भागात राहून अनुभवलाय त्यांनाच कळेल. मी उदगीरचा. शाळा सातवीपर्यंत, पुढं आयुष्यभर किराणा दुकान. मुलगा डॉक्टर झाला आणि आता कॅरिबियन समुद्रातल्या सेंट लुशिया नावाच्या बेटावर मेडिकल कॉलेजात शिकवतो. बेट म्हणजे अख्खा देशच, पण आकारानं आपल्या एखाद्या तालुक्याएवढा. तिथं जाऊन आलो म्हणून हे लिहितोय. कुणाला जायचं असेल तर उपयोग होईल.

जायचं की नाही, हे खरं तर आमच्या मंडळीनं, शिवकांतानं, ठरवलं. मुलानं तिला एक व्हिडिओ पाठवला होता. त्यात डोंगरातून गरम पाणी येतंय, राखाडी चिखलात गोरीगोमटी माणसं बसलीत आणि अंगाला चिखल फासून हसतायत. खाली लिहिलेलं म्हणे, सांधेदुखीला चांगलं. शिवकांताचे दोन्ही गुडघे गेलेत. तिनं तो व्हिडिओ गल्लीतल्या सगळ्या बायकांना दाखवला आणि मला सांगितलं, "मला त्या चिखलात बसायचंय."

मी नुसतं बघू म्हणालो. मनात मात्र पक्कं केलं होतं, लांबून दाखवायचं, बसू द्यायचं नाही. उकळत्या डोंगराच्या पोटात जाऊन बसायचं, हे काय शहाण्या माणसाचं काम आहे?

प्रवासाचं थोडक्यात सांगतो. उदगीरहून गाडी करून हैदराबाद, तिथून विमान. लंडनला विमान बदलावं लागलं. नुसतं बदलायलासुद्धा वेगळा व्हिसा लागतो, तो आधीच काढून ठेवा. शाकाहारी जेवण तिकीट काढतानाच सांगा. आम्ही तरी धपाटे आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती, म्हणून निभावलं. विमान हललं की मी खुर्चीचे हात धरायचो. शिवकांता शेजारी घोरत होती.

पोचल्यावर कळलं, मुलाच्या कॉलेजात परीक्षा लागलेल्या. त्याला सुट्टी नाही. त्यानं आम्हाला अर्ध्या दिवसाच्या सहलीत बसवून दिलं. सकाळी घरून नेतात आणि दुपारच्या जेवणापर्यंत आणून सोडतात. साठ-सत्तर अमेरिकी डॉलर माणशी पडतात. चिखलात बसायचे पैसे वेगळे, तेव्हा थोडे सुटे जवळ ठेवावेत.

"अप्पा, इंग्रजीची काळजी करू नका," मुलगा म्हणाला. "अव्वा बघून घेईल."

अव्वा म्हणजे त्याची आई, शिवकांता. तिला तर माझ्याएवढंही इंग्रजी येत नाही.

व्हॅन आली. चालवणारी बाई आणि माहिती सांगणारी बाई एकच, मिस ॲग्नेस. पन्नाशीची, धिप्पाड, हसली की व्हॅन हलायची. आमच्याबरोबर कॅनडाचं एक म्हातारं जोडपं होतं, तेवढेच चौघं. शिवकांता थेट पुढं ॲग्नेसशेजारी जाऊन बसली आणि मराठीत म्हणाली, "बाई, दमानं चालवा बरं, आमच्या ह्यांचा जीव लई भित्रा हाय." ॲग्नेसनं आरशातून माझ्याकडं बघितलं आणि तिला सगळं समजलं.

रस्ता गुळगुळीत आहे, गाड्या आपल्यासारख्या डाव्या बाजूनं चालतात. पण वळणं! आपल्याकडचा घाट चढला की संपतो, इथं घाटातून घाट निघतो. उलटीचा त्रास असणाऱ्यांनी लिंबू जवळ ठेवावं. समोरून गाडी आली की दोघंही हॉर्न वाजवतात. प्रत्येक हॉर्नला मी डोळे मिटायचो. मागून कळलं, तो रामराम असतो.

पहिल्यांदा थांबलो ते केळीच्या मळ्यापाशी. तिथं प्रत्येक घडाला निळी प्लास्टिकची पिशवी घातलेली. किडीपासून राखायला म्हणे.

शिवकांता म्हणाली, "आपल्या नांदेडकडं अर्धापूरला अशा पिशव्या घातल्या तर दुसऱ्या दिवशी केळी ऱ्हातील, पिशव्या न्हाई ऱ्हायच्या."

पुढं एका टपरीवर लाकडाच्या जाळावर, भल्यामोठ्या लोखंडी कढईत कसावाची भाकरी भाजत होते. कसावा म्हणजे ज्या कंदाचा आपण साबुदाणा खातो तो. माझी शंका, आत अंडं असलं तर? विचारायचं कसं? शिवकांतानं तिथल्या बाईसमोर दोन्ही कोपरं पंखासारखी हलवली, कोंबडीसारखा आवाज काढला आणि मग बोटानं भाकरी दाखवली. ती बाई एवढी हसली की उलथणं खाली पडलं. मग तिनंही कोपरं हलवली, आवाज काढला आणि मान जोरात हलवून नाही म्हणाली. आत फक्त खोबरं होतं. गरम गरम, जरा चिवट, पण चव झकास. "अवो, ही उपवासाला चालंल," म्हणून शिवकांतानं दोन बांधून घेतल्या.

एका वळणावर ॲग्नेसनं गाडी थांबवली. खाली निळा समुद्र आणि काठावरून सरळ वर गेलेले दोन सुळके, हिरवेगार, टोकाला निमुळते. पितों म्हणतात त्यांना. बेटाच्या झेंड्यावरही ते आहेत असं ॲग्नेस म्हणाली. शिवकांतानं चप्पल काढली आणि हात जोडले. मी सांगितलं, इथं देव नाही, नुसते डोंगर आहेत. ती म्हणाली, "तुम्हाला कुणी सांगितलं?"

मग ते ठिकाण आलं. व्हॅन जवळजवळ डोंगराच्या तोंडापर्यंत जाते. पिवळट-पांढरी जमीन, तिच्यातून वाफा निघतायत आणि कुंडांतून काळसर पाणी खदाखदा उकळतंय. लाकडी कठडा आहे, त्याच्या अलीकडूनच बघायचं. ॲग्नेसनं नाक धरलं आणि सडक्या अंड्याचा वास म्हणून सांगितलं. कॅनडावाल्यांनी माना डोलावल्या. आम्ही एकमेकांकडं बघितलं. आमच्या घरात अंडं आलं नाही, मग सडणार कुठलं? त्यामुळं वास तसाच होता का, हे मी खात्रीनं सांगू शकत नाही. मला तो उडवलेल्या फटाक्यांसारखा वाटला, शेजारी गटार तुंबलेलं असताना उडवलेल्या.

पायाखाली जमीन हलतेय असं मला दोनदा वाटलं. मी कठडा धरून उभा राहिलो. बघून झालं, आता परत, असं म्हणून मागं वळतो तर शिवकांता ॲग्नेसबरोबर खालच्या हौदाकडं उतरायलाही लागली होती. हातात पिशवी. त्या पिशवीत जुनं पातळ आणि टॉवेल होता, उदगीरहून आणलेला.

हौद बांधलेला आहे, पाणी कमरेएवढं, अंगाला सोसेल इतकं गरम. वरच्या उकळत्या कुंडांपासून बराच खाली, जरा निवून येतं. बाजूला बादल्यांत चिखल ठेवलेला. कपडे बदलायला खोली आहे, नंतर अंग धुवायला साधं पाणी आहे. जुने, गडद रंगाचे कपडेच न्या, डाग जात नाही.

शिवकांता तयार होऊन आली, तशी ॲग्नेसनं तिच्या गळ्याकडं बोट दाखवलं. "सिल्व्हर? नो, नो. ब्लॅक!"

मी मुलाला फोन लावला. तो दबक्या आवाजात म्हणाला, "अप्पा, गंधकाच्या पाण्यानं चांदी काळी पडते, म्हणून काढायला सांगायलेत. लिंगाचं काय करायचं ते तुमचं तुम्ही ठरवा. पेपर सुरू हाय, ठेवतो."

इथं जरा सांगायला पाहिजे. आम्ही लिंगायत. लहानपणी गुरूनं दिलेलं इष्टलिंग चांदीच्या डबीत घालून गळ्यात बांधतो, बायका-पुरुष दोघंही. रोज त्याची पूजा केल्याशिवाय तोंडात घास घालत नाही. ते अंगावेगळं करायचं नसतं आणि दुसऱ्यानं हातात धरायचं नसतं. खोटं कशाला सांगू, मला आनंदच झाला. मी नाही म्हणायची गरजच उरली नाही.

"ऐकलंस ना?" मी म्हणालो. "लिंग उतरवायचं न्हाई आणि हे घालून आत जाता येत न्हाई. संपलं. चल, कापडं बदल."

"लिंग कोण उतरवायलंय? चांदी उतरवायचीय."

"म्हंजे?"

"डबी सोनारानं दिली, लिंग गुरूनं दिलंय. माझी आज्जी फडक्यात बांधत हुती. तिला कुठली आली चांदी? तुमचा रुमाल द्या."

"गरम पाण्यानं लिंगाचं वरचं काळं लेपण मऊ पडलं तर?"

"पाण्यात न्हाई नेत. डोक्याला बांधते."

"डोक्याला?"

"बेंबीच्या खाली असू न्हाई, एवढंच हाय ना? मग डोकं बेंबीच्या वर हाय का न्हाई, सांगा."

आमचे स्वामी लिंग बांधायच्या जागा सांगतात त्यात मस्तक पहिलं आहे, हे मलाही ठाऊक होतं. मी रुमाल दिला. तिनं पाठ फिरवून लिंग डबीतून काढलं, रुमालात गुंडाळलं आणि अंबाड्याच्या वर गच्च गाठ मारली. रिकामी डबी माझ्या हातात दिली.

तरी मी तिचं मनगट सोडलं नाही. घसरलीस तर? चक्कर आली तर? बीपीची गोळी सकाळी घेतली होतीस का? वरून अजून पाणी आलं तर? मी बोलतच होतो. कॅनडाची बाई आत बसून आमच्याकडं बघत होती. शिवकांतानं सगळं ऐकून घेतलं आणि हळूच म्हणाली, "त्या भूकंपाच्या रातीपासनं जरा भांडं वाजलं की तुम्ही मला हाताला धरून भाईर काढायलाव. एकदा आत जाऊ द्या की."

मी हात सोडला.

ॲग्नेसनं तिला धरून पायऱ्या उतरवल्या. पहिल्या पायरीला "बाई गं" म्हणाली, दुसऱ्या पायरीला "अगं आई", आणि पाण्यात बसल्यावर जो लांब श्वास सोडला तो मला काठावर ऐकू आला. थोड्या वेळानं बादलीतला चिखल घेऊन तिनं गुडघे माखले, हात माखले. मग सवयीनं तीन बोटं चिखलात बुडवून कपाळावर आडवे पट्टे ओढले, रोज सकाळी विभूती लावते तसे.

कॅनडाच्या बाईनं ते बघितलं आणि आपलं कपाळ पुढं केलं. शिवकांतानं तिलाही ओढले. मग तिच्या नवऱ्यानं कपाळ पुढं केलं. मग दुसऱ्या गाडीतून आलेली पोरं-पोरी रांगेनं यायला लागली. शिवकांता प्रत्येकाला दटावत होती, "हालू नको, वाकडं व्हतंय." शेवटी ॲग्नेसनं काठावरूनच वाकून लावून घेतलं. बघता बघता अख्खा हौद भस्म लावून बसला. मध्यभागी आमची मंडळी, डोक्यावर माझा चौकड्याचा रुमाल, गावच्या पाटलासारखी.

मी एवढा हसलो की ठसका लागला. ॲग्नेस मला म्हणाली, "यू, पापा! कम!" आत गेलो नाही. पण पँट वर करून काठावर बसलो आणि पाय सोडले. चांगलं वाटतं. खरंच चांगलं वाटतं. पोटऱ्यांना शिवकांतानं चिखल लावून दिला. बाजूच्या पोरीनं माझ्याही हातावर लावला.

परतीच्या वाटेवर शिवकांतानं लिंग डबीत परत ठेवलं. डबी लख्ख होती, कारण ती माझ्या वरच्या खिशात कोरडी राहिली होती. माझ्या डबीकडं बघून मात्र ती ओरडलीच. काळी ठिक्कर. मी तर पाण्यात गेलोच नव्हतो! मग आठवलं. आपली डबी जागेवर आहे ना, म्हणून मी सारखी चाचपत होतो, चिखलाच्या हातानं. अंघोळीच्या पाण्यानं हात धुतले, डबी धुवायची राहिली.

"आत बसलेल्यांचं काई झालं न्हाई," शिवकांता पुढच्या सीटवरून म्हणाली, "राखण करणाराच काळा झाला." आणि ॲग्नेसला माझी डबी दाखवली. वळणाच्या रस्त्यावर ती बाई स्टिअरिंग सोडून टाळी द्यायला निघाली. मी डोळे मिटले.

दुपारी घरी पोचलो. महिनाभर राहून उदगीरला परत आलो.

गल्लीतल्या बायका येऊन विचारायच्या, "मावशी, गुडघ्याला फरक पडला का?" ज्यांना त्यासाठी जायचं असेल त्यांना मी खरं ते सांगतो. दोन दिवस बरं वाटलं. आता जिना चढताना "बाई गं" तसंच आहे. एवढ्या लांब गुडघ्यासाठी जाऊ नका. बेट बघायला जा. माणसं चांगली आहेत, पाणी निळं आहे, आणि चांदी घरी ठेवून जा.

पण शिवकांता बायकांना गुडघ्याचं सांगतच नाही. ती हौदात कोण कोण होतं ते सांगते, आणि सगळ्याजणी तिच्याकडं बघत बसतात. मागच्या आठवड्यात तिनं जाहीर केलं, चौघी मिळून नांदेडला बहिणीकडं मुक्काम आणि दुसऱ्या दिवशी सहस्रकुंडचा धबधबा. एसटीनं. बायकांना अर्धं तिकीट आहे. पुरुषमाणूस बरोबर नको.

रात्री मी सगळं मनात जुळवून ठेवलं. धबधब्याजवळचे दगड निसरडे असतात. काठावर जाऊ नका. नांदेडच्या स्टँडवर पर्स पुढं धरा. गोळी जेवणानंतर. पोचल्यावर फोन. फोन लागला नाही तर बहिणीच्या फोनवरून फोन.

सकाळी स्टँडवर पोचवायला गेलो. चौघींनी जागा धरल्या. गाडी सुरू झाली, तशी शिवकांतानं खिडकीची काच सरकवून माझ्याकडं बघितलं.

"अवो, काई सांगायचं ऱ्हायलंय का?"

लई राहिलं होतं.

"न्हाई," मी म्हणालो. "जा."